स्टेशनातून वेळ आणणारा पुना

"साडेसात मिनिटं! दिवसाकाठी साडेसात मिनिटं काम, आणि पगार सगळ्या महिन्याचा?"

"शेठ, टोले द्यायला साडेसात मिनिटं लागतात. टोल्याची वाट बघायला दिवस लागतो."

"वाट बघायचा पगार देतं का सरकार? मग मी कशाला कापसाचं जीन काढून बसलो!"

धरणगावच्या म्युनिसिपालिटीच्या कचेरीत हशा पिकला. मोतीलाल शेठ स्वतः हसले नाहीत. त्यांच्यासमोर कागद होता आणि कागदावर पुनाचा सगळा दिवस मांडलेला होता. शेठचा कारकून घड्याळ घेऊन एक दिवस कचेरीच्या ओट्यावर बसून गेला होता.

"पहाटे पाचपासून रात्री नऊपर्यंत टोले एकशे बारा," शेठ म्हणाले.

"एकशे तेरा."

"इथं एकशे बारा लिहिलंय."

"एकाच्या टोल्याला तुमचा कारकून जेवायला गेला होता, शेठ."

पुन्हा हशा. या वेळी शेठच्याही मिशा हलल्या. पण बोट कागदावरून उठलं नाही.

"एकशे तेरा तर एकशे तेरा. माझ्या जिनाचा भोंगा गावभर ऐकू जातो की नाही? सकाळी सातला, दुपारी बाराला, एकला, संध्याकाळी सहाला. फुकट. गावाला आणखी किती वेळ लागते?"

"तुमचं जीन दिवाळीपासून चैत्रापर्यंत. पुढं काय?"

"पुढं उन्हाळ्यात घाई कुणाला असते रे?"

पुनानं टोपी काढली, पुन्हा घातली. कमिटीनं पुढचं पान उलटलं.

ही बत्तीस सालची, दसऱ्याच्या आधीची गोष्ट. कापसाचा भाव मातीला मिळाला होता, मुंबईहून सगळीकडे काटकसरीचे हुकूम सुटले होते, आणि कलेक्टरसाहेबांनी गावच्या खर्चाची छाननी करायला कमिटी नेमली होती. कमिटीत एकही सरकारी माणूस नव्हता. जो आपला कारखाना नफ्यात चालवतो तोच कचेरी सरळ करील, असं साहेबांचं म्हणणं. म्हणून अध्यक्ष मोतीलाल शेठ, सरकी काढणारे रेचे आणि गठाणी बांधणारा प्रेस, दोन्हींचे मालक. त्यांनी काम अंगावर घेतलं तेही मनापासून. एक दार उघडायला तीन शिपाई होते, त्यांचा एक केला. त्याबद्दल गावानं टाळ्या वाजवल्या. मग शुक्ल पक्षात रस्त्याचे कंदील बंद केले, तेव्हा टाळ्या थोड्या कमी झाल्या. दवाखान्यातला कंपाउंडर गेला तेव्हा चावडीवर दोन तट पडले. "घरचं सोडून गावासाठी राबतोय माणूस," एक म्हणे. "कचेरी म्हणजे काय त्याचं जीन आहे?" दुसरा म्हणे. आणि मग पुनाचं पान निघालं.

पुना अभिमन या कचेरीत आला तो एकोणीसशे सहा साली. त्या वर्षी सरकारनं साऱ्या मुलखाची वेळ एक केली. त्याआधी स्टेशनात एक वेळ, कचेरीत दुसरी, आणि गावात सूर्य सांगेल ती तिसरी. खटल्याला आलेली माणसं स्टेशनच्या वेळेनं निघायची आणि कचेरीच्या वेळेनं उशीर झाला म्हणून दंड भरायची. तेव्हा ठरलं की कचेरीच्या ओट्यावर काशाची थाळी टांगायची, आणि नव्या वेळेचे टोले द्यायचे. पुना तेव्हा पंचविशीचा, दंडात जोर असलेला. जोर लागणार म्हणून त्याला घेतला. पण जोराचं काम फार थोडं होतं.

खरं काम होतं वेळ आणायचं.

रोज दुपारी ठीक चारला स्टेशनात तारेच्या यंत्रावर वेळ यायची. साऱ्या हिंदुस्थानच्या स्टेशनांत एकाच क्षणी. यंत्राची टकटक थांबे, मास्तर बोट वर करत, आणि बोट खाली येताच पुना कचेरीचं खिशातलं घड्याळ लावून घेई. मग ते लाल फडक्यात गुंडाळून, छातीशी धरून, तो गावाकडे निघे. धक्का लागू नये म्हणून रस्त्याच्या कडेनं. दुकानदार ओट्यावरून हाक मारत:

"पुना, आणली का वेळ?"

"आणली, आणली. सरक बाजूला, सांडेल."

हे सव्वीस वर्षं रोज. विनोद तोच, हसणं तेच.

टोले देण्याचीही त्याची रीत होती. चार टोले, मग एक श्वास. पुन्हा चार, पुन्हा श्वास. "ज्याला बारापर्यंत मोजता येत नाही त्याला चारपर्यंत येतं," तो सांगे. "चारचे तीन घास झाले की दुपार." टोले देताना तो कुणाशी बोलत नसे. एकदा खुद्द मामलेदार समोर उभे राहून काही विचारत होते; पुनानं अकरा पुरे केले आणि मग रामराम घातला.

सव्वीस वर्षांत त्याची चूक एकदाच झाली. तापाच्या साथीचं साल होतं, अठरा. त्याचा मुलगा निंबा नऊ वर्षांचा होता. सकाळी तो गेला, आणि दुपारी पुना ओट्यावर हजर. त्या दुपारी बाराचे टोले पडले, श्वासाएवढी शांतता झाली, आणि आणखी एक टोला पडला. साऱ्या गावानं ऐकला. त्याबद्दल त्याला कुणीही, कधीही विचारलं नाही. मामलेदारांनीसुद्धा नाही.

आता थाळी उतरवली गेली. काशाची होती म्हणून कोठीत कुलपात ठेवली. लाल फडक्यासकट घड्याळ पुनानं टेबलावर ठेवलं आणि पावतीवर अंगठा दिला.

शेठ दुष्ट नव्हते. त्यांनी त्याला ओट्यावरच गाठलं.

"पुना, माझ्याकडे ये. जिनात भोंगा तू वाजव. तीन रुपये जास्त देतो. मला वेळेचा माणूस हवाच आहे."

पुना घरी आला आणि टोपीसकट उंबऱ्यावरच बसला. त्याची बायको वच्छलाबाई चुलीपुढं भाकरी थापत होती. ती त्याच जिनात रेच्यावर बसणारी, कापूस घालायच्या कामावर, दहा हंगाम झाले. आपसात दोघं अहिराणीतच बोलत.

"शेठनी काय सांगं?"

"भोंगा वाजाडाले बलावतस."

"मग तोंड काब्र असं? एकाच रस्तानं जासूत, एकाच रस्तानं येसूत. चांगलंच शे ना!"

"थाळीवर माणूस टोला मारस, वच्छला. भोंगाले नुसती साखळी वढनी पडस."

"हात तर तुमनाच ना?" ती म्हणाली, आणि भाकरी उलटली.

दिवाळीनंतर जीन सुरू झालं. इंजिनखोलीच्या दाराशी पुनाला एक स्टूल मिळालं. समोर ऑफिसच्या भिंतीवर काचेच्या पेटीतलं मोठं घड्याळ, डोक्यावर साखळी. वाफेनं भोंगा असा ओरडे की पहिल्या दिवशी पुनाच दचकला. चार टोले आणि एक श्वास इथं नव्हता, एकच लांब किंकाळी. तरी त्याला दोन गोष्टी आवडू लागल्या. एक म्हणजे स्टेशन कुंपणापलीकडेच होतं. चारच्या सुमारास चहाच्या निमित्तानं तो तिथं जाऊन येई; फडकं नाही, घड्याळ नाही, नुसता मास्तरांचं बोट बघून येई. मास्तरही बोट वर करत राहिले.

दुसरी म्हणजे संध्याकाळ. सहाचा भोंगा वाजवून तो फाटकाशी उभा राही. बाया बाहेर पडत, डोक्यापासून पायापर्यंत कापसाच्या रुईनं माखलेल्या. सगळ्याच म्हाताऱ्या दिसत. वच्छलाबाई त्याच्यासमोर येऊन मान खाली घाली, आणि तो तिच्या केसांतली रुई चिमटीनं काढी. एकेक धागा. मग ती पुन्हा अठ्ठेचाळीस वर्षांची होई, आणि दोघं गावाकडे चालू लागत.

"ए पुनाभाऊ, आमच्या डोक्यात काय दगड आहेत?" आबेदा ओरडे. ती वच्छलाबाईच्या शेजारच्या रेच्यावर बसे. बावीस वर्षांची, घरी चार महिन्यांचं तान्हं. बोलता बोलताच ती पळत असे.

दुसऱ्या आठवड्यात एका दुपारी पुना स्टेशनातून परतला आणि घड्याळाकडे बघून थबकला. रस्त्याची तीन मिनिटं धरली तर चार वाजून तीन मिनिटं व्हायला हवी होती. घड्याळात तीन वाजून त्रेचाळीस.

त्याला वाईट वाटलं. एवढं महागाचं घड्याळ! स्टुलावर चढून त्यानं पेटी उघडली, काटा वीस मिनिटं पुढं सरकवला, धोतराच्या सोग्यानं काच पुसली आणि मॅनेजर मगनलालकडे गेला.

"साहेब, घड्याळ मागं पडत होतं. नीट करून ठेवलंय."

मगनलाल त्याच्याकडे बघतच राहिला.

"कुणी सांगितलं होतं तुला?"

"सांगायचं काय त्यात? माझं कामच ते!"

दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. बरोबर वीस मिनिटं मागं. पुनानं या वेळी इंजिनवाल्याकडून काडीवर थेंबभर तेल आणलं. आत सोडलं. काटा पुढं केला. "थंडीत असं होतं," त्यानं मगनलालला दिलासा दिला. "कचेरीचंही व्हायचं."

तिसऱ्या दिवशी पेटीला कुलूप.

"धुळीसाठी ना? बरं केलंत," पुना म्हणाला. "पण किल्ली द्या जरा. आजही मागंच आहे."

"घड्याळ बरोबर आहे, पुना."

"नाही साहेब, आत्ताच स्टेशनात..."

"स्टेशन स्टेशनच्या वेळेनं चालतं. जीन जिनाच्या वेळेनं. जा, स्टुलावर बस."

तो बसला. काटे सहावर आले तेव्हा त्यानं साखळी ओढली. बाहेर दिवेलागण उलटून गेली होती. फाटकाशी बाया घाईनं पांगल्या. आबेदा काही न बोलता, छातीशी ओढणी दाबून पळाली. रस्त्यावरचे कंदील लागलेले नव्हते, चांदणं असणार म्हणून. आणि चांदणं ढगांत होतं.

चालता चालता पुना म्हणाला, "मगनलाल सांगस घड्याळ बरोबर शे. तेल टाकं तरी मागंच पडस. भलतंच घड्याळ!"

वच्छलाबाई हसली. हसता हसता थांबली. रस्त्यातच उभी राहिली.

"तुमले खरंच नही समजनं?"

"काय?"

"एक वाजता बाया कामले बसनात, तुम्ही जेवाले गयात का मगनलाल काटा मागं करस, रातले पुढं. रोज. पयले पाच मिनिटं, मंग धा, आते वीस. बठ्ठ्या बायासले माहित शे."

पुना परतून तिच्यासमोर आला.

"मागला साले करे का असं?"

"मागला साले कसं करी? तुमनी थाळी वाजे ना! सहा टोला पडनात की आम्ही हात झटकीसन उभ्या. मुकादम काय बोली? बठ्ठा गावनी ऐकेल ऱ्हाये. भोंगा द्यावाच लागे."

"हे माले कमिटीमा माहित ऱ्हातं तर..."

"माहित ऱ्हातं तर सांगतात. नही व्हतं."

ती पुढं चालू लागली. पुना मागं. वळणावर त्यानं विचारलं, "माले काब्र नही सांगं?"

"काय सांगू? साखळी तुमना हातमा." तिनं वळून बघितलं नाही. "मी विचार कया, चार दिन झायात तुम्ही जरा हसतस. ऱ्हाऊ द्या."

घराजवळ आल्यावर ती एवढंच म्हणाली, "आमनं काही नही. म्हातारं शरीर, वीस मिनिटं आखो बसाई जास. ती आबेदा शे ना, तिले सहाच्या ठोक्याले पान्हा फुटस. अंगले माहित शे वेळ. ओढणी भिजी जास आणि ती बसेल ऱ्हास. घर पोर रडस."

सकाळी न्याहारीला तो भाकरी मोडून नुसता बसला होता. वच्छलाबाईनं ओळखलं.

"बरोबर वेळले वाजाडशात तर शेठ काढी टाकी. दोन्हीसले."

"हाव."

"मग खासूत काय?"

तिनं डबा बांधला, गाठ मारली, सोडली, पुन्हा मारली. दाराशी जाऊन उभी राहिली.

"काही करा," ती म्हणाली, "पण मन्हा डोकानी रुई काढाले या. रस्तावर लोके माले डोकरी म्हनतीन."

त्या दिवशी शेठ जिनात होते. कापसाच्या गठाणी मुंबईला रवाना व्हायच्या होत्या. ते स्वतः आवारात फिरत होते, कोटाच्या बाहीला रुई लागलेली. चारला पुना स्टेशनात गेला. मास्तरांनी बोट वर केलं, खाली आणलं. "पुना, आज घड्याळ नसताना एवढा टक लावून बघतोयस!" मास्तर म्हणाले. पुना रस्त्याच्या कडेनं परत आला, दोन्ही हात छातीशी धरून. आवारात हमाल गठाणी लोटत होते. तो त्यांना वाट देत, अंग चोरत, स्टुलापर्यंत पोचला. घड्याळ कुलपात होतं. बरोबर वीस मिनिटं मागं.

पाच झाले. सवापाच. रेच्यांचा खडखडाट चालू होता. दारातून त्याला दोन डोकी दिसत होती, एक वच्छलाबाईचं, एक आबेदाचं. आबेदानं ओढणी पुढं ओढून घेतली.

काटा पाच चाळीसवर आला.

पुना उठला आणि त्यानं साखळी ओढली. पूर्ण ओढली, सोडली, श्वास घेतला, पुन्हा ओढली. चार वेळा. श्वास. मग दोन वेळा. भोंग्याचा असा आवाज गावानं कधी ऐकला नव्हता, पण रीत ओळखीची होती. रेच्यांवरच्या बाया उठल्या. एकही थांबली नाही. आबेदा तर दारातून बाहेरही पडली होती.

मगनलाल ओरडत आला. "वेडा झालास? घड्याळात बघ! पाच चाळीस!"

"थांब, मगन," शेठ मागून म्हणाले. ते जवळ आले. आवाज चढलेला नव्हता, आणि म्हणून तो जास्त जड वाटला.

"पुना, मी तुझी थाळी उतरवली त्याचा राग काढलास?"

"नाही, शेठ."

"मग ऐक. धरणगावातली चार जीनं या साली उघडलीच नाहीत. माझंही मिटलं असतं. मी चालू ठेवलं. तीनशे चुली पेटतात इथं. तिकडे कचेरीत मी काटलं ते सरकारसाठी, इथं काटतो ते या चुलींसाठी. पैसा नाही काटला कुणाचा, बघ विचारून. वीस मिनिटं मागितली. नुसती वीस मिनिटं." त्यांनी कोटाची बाही झटकली. "तू सव्वीस वर्षं वेळेचा धंदा केलास. तूच सांग मला. वीस मिनिटांनी असं कुणाचं काय जातं?"

त्यांना खरंच उत्तर हवं होतं. इंजिनवाला दारात येऊन उभा राहिला.

पुनानं साखळी खिळ्याला नीट अडकवली, हेलकावे खाऊ नये म्हणून हातानं थांबवली. स्टूल भिंतीशी सरकवलं. टोपी काढून रुई झटकली, घातली. मग आवारातून, गठाणींच्या रांगेमधून, तो फाटकाकडे चालू लागला.

बाहेर अजून उजेड होता. रस्त्याच्या वळणावर आबेदाची हिरवी ओढणी पळत होती. फाटकाशी वच्छलाबाई उभी होती. तिनं त्याच्या तोंडाकडे बघितलं आणि मान खाली घातली.

त्यानं पहिला धागा काढला. मग दुसरा.

"पुना!" आवारातून शेठची हाक आली. "मी विचारलंय तुला काहीतरी!"

कानामागं एक धागा राहिला होता. तो काढून त्यानं वाऱ्यावर सोडला, आणि बायकोचा डबा आपल्या हातात घेऊन तो फाटकाबाहेर पडला.